लिव्हर आणि पानथरी दोन्ही वाढलेत. यंदा कारखान्याला जायचं का?

प्रश्न : आमचं गाव बीड जिल्ह्यात, डोंगरपट्ट्यात आहे. दसरा झाला की आम्ही नवरा-बायको कोयता घेऊन ऊसतोडीला जातो. मालकांचं वय ३८. श्रावणात त्यांना पाच दिवस ताप आला. बीडला खासगी दवाखान्यात सलाईन लावलं, ताप उतरला. मलेरिया आणि डेंग्यू नाही असं सांगितलं. पण सोनोग्राफीत लिव्हर १७.५ सेंमी, स्प्लीन म्हणजे पानथरी १५.८ सेंमी आणि पोर्टल व्हेन १४ मिमी असं लिहून आलं. रक्तात हिमोग्लोबिन ९.८, पांढऱ्या पेशी ३,२००, प्लेटलेट ७८ हजार. बिलिरुबिन २.१, एसजीओटी ९६, एसजीपीटी ४२, अल्ब्युमिन २.९. डॉक्टर म्हणाले, मोठ्या दवाखान्यात दाखवा. मालक बारा-तेरा वर्षांपासून पितात, सीझनमध्ये तर रोज. आता तापापासून कमी केली आहे, पण बंद नाही. सासूबाई म्हणतात, पानथरी वाढली की पोटावर चटका देऊन डाग देतात, उतरते. शेजारच्या गावात काविळीचं औषध देणारे एक बाबा आहेत, तिकडे न्या म्हणून भाऊबंद मागे लागलेत. हा कॅन्सर तर नाही ना? बायांची पिशवी काढतात तशी पानथरी काढून टाकली तर माणूस मोकळा होईल का? मुकादमाकडून उचल घेऊन बसलोय, ती बियाण्याला आणि पोरीच्या शाळेला खर्च झाली. यंदा जावं की नाही, तेवढं सांगा.

उत्तर : ताई, तुम्ही रिपोर्टमधले आकडे जसेच्या तसे लिहून पाठवले, म्हणून मला नेमकं बोलता येतंय. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. दुर्बिणीतून अन्ननलिकेची तपासणी झाल्याशिवाय आणि दारू पूर्ण थांबल्याशिवाय त्यांना ऊसतोडीला जाऊ देऊ नका. कारण सांगतो, म्हणजे घरात आणि मुकादमापुढे तुम्हाला ते मांडता येईल.

लिव्हर वाढलं, पानथरी वाढली, हे आजाराचं नाव नाही. अंगात ताप भरतो तशी ही एक खूण आहे. ताप दहा कारणांनी येतो, आणि हे दोन अवयव वाढण्याची कारणं तर त्याहून जास्त आहेत. त्यामुळे ‘लिव्हर-पानथरी वाढल्याचं औषध’ असं एकच औषध जगात कुठे मिळत नाही. मिळतं ते कारणाचं औषध. आपल्याकडे लोकांचा वेळ आणि पैसा जातो तो इथेच. कुणी लिव्हर टॉनिकच्या बाटल्यांमागून बाटल्या आणतो, कुणी डाग देतो, आणि कारण शोधायचं राहून जातं.

तुमच्या रिपोर्टकडे येऊ. मोठ्या माणसाचं लिव्हर सोनोग्राफीत साधारण १५-१६ सेंमीपर्यंत असतं, पानथरी १२-१३ सेंमीपर्यंत आणि पोर्टल व्हेन १३ मिमीपर्यंत. तुमच्या यजमानांचे तिन्ही आकडे वर आहेत. ही पोर्टल व्हेन म्हणजे आतडी आणि पानथरी यांच्याकडून लिव्हरकडे रक्त नेणारी मोठी शीर. लिव्हरला मिळणाऱ्या रक्तापैकी सुमारे तीन चतुर्थांश रक्त याच शिरेतून येतं. वर्षानुवर्षांच्या दारूने किंवा काविळीच्या जुनाट विषाणूने लिव्हर आतून घट्ट, गाठाळ झालं की रक्ताला पुढे सरकायला वाट राहत नाही. पुढची चारी तुंबल्यावर पाणी मागे फुगून वावरात पसरतं, तसंच इथे घडतं. रक्ताचा दाब मागे वाढतो, पोर्टल व्हेन रुंद होते, पानथरी फुगते आणि रक्त दुसऱ्या बारीक शिरांमधून वाट काढू लागतं. या शिरा अन्ननलिकेच्या खालच्या टोकाला आणि जठरात असतात. फुगून त्यांची भिंत पातळ होते आणि एखादे दिवशी त्या फुटतात. माणूस आदल्या दिवशीपर्यंत कामावर असतो आणि रात्री तांब्याभर रक्ताची उलटी होते. तुमच्या पत्रात मला सगळ्यात जास्त काळजी वाटली ती याच गोष्टीची.

एसजीओटी आणि एसजीपीटी हे लिव्हरला इजा झाली की रक्तात वाढणारे घटक. यांचं एसजीओटी हे एसजीपीटीच्या दुपटीहून जास्त आहे. दारूमुळे झालेल्या लिव्हरच्या इजेत हे प्रमाण असंच दिसतं. अल्ब्युमिन हे प्रथिन लिव्हर तयार करतं आणि ते ३.५ च्या वर हवं. २.९ आहे याचा अर्थ लिव्हरचं काम काही काळापासून मंदावलंय, हे पाच दिवसांच्या तापाचं नाही. फक्त कागद वाचून निदान करणं योग्य नाही, पण लिव्हर कठीण होण्याचा आजार, म्हणजे सिऱ्हॉसिस, आणि त्यातून वाढलेला पोर्टल शिरेचा दाब, ही शक्यता मला दाट वाटते.

प्लेटलेटबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण पावसाळ्यात आपल्याकडे प्लेटलेट कमी म्हटलं की सगळ्यांना एकच नाव सुचतं, डेंग्यू. मग पपईच्या पानांचा रस, किवी, ड्रॅगन फ्रूट, जे मिळेल ते. निरोगी माणसाच्याही एकूण प्लेटलेटपैकी एक तृतीयांश पानथरीतच साठलेल्या असतात. पानथरी फुगली की त्याहून कितीतरी जास्त तिथे अडकतात आणि नसेतून काढलेल्या रक्तात कमी दिसतात. पांढऱ्या आणि तांबड्या पेशींचंही तेच होतं. तुमच्या यजमानांच्या तिन्ही पेशी कमी आहेत, त्याचं हे एक सरळ कारण असू शकतं. ओळखायची सोपी रीत अशी : ताप जाऊन दोन-तीन आठवडे झाले की रक्त पुन्हा तपासा. तापामुळे प्लेटलेट उतरल्या असतील तर एव्हाना दीड लाखाच्या वर आलेल्या असतील. ७०-८० हजारांवरच अडकून असतील तर दोष पानथरीकडे आहे, आणि तिच्यामागे लिव्हरकडे. हिमोग्लोबिन ९.८ आहे त्यामागे मात्र आणखी एक गोष्ट असू शकते, शिरांमधून झिरपणारं थोडं थोडं रक्त. त्यांना शौचाचा रंग विचारा. डांबरासारखी काळी, चिकट शौच झाली असेल तर पुढचं पत्र वाचत बसू नका, त्याच दिवशी मोठ्या रुग्णालयात न्या.

कॅन्सरचं विचारलंत. नुसत्या आकारावरून तसं काही म्हणता येत नाही. रक्ताच्या ज्या कॅन्सरमध्ये पानथरी फार मोठी होते त्यात पांढऱ्या पेशी बहुतेक वेळा खूप वाढलेल्या असतात, कधीकधी लाखाच्याही वर. यांच्या ३,२०० आहेत. लिव्हरमध्ये गाठ असल्याचं सोनोग्राफीत लिहिलेलं नाही. पण सिऱ्हॉसिस ठरला तर पुढे दर सहा महिन्यांनी सोनोग्राफी आणि एएफपी नावाची रक्ताची तपासणी चालू ठेवावी लागेल, कारण अशा लिव्हरमध्ये गाठ होण्याचा धोका असतो आणि लहान असताना सापडली तर उपचार होतो.

हे सदर वाचणाऱ्या बऱ्याच घरांत ‘लिव्हर, स्प्लीन वाढलेत’ असा कागद असेल, आणि त्या प्रत्येकाला दारूचं कारण चिकटवणं अन्यायाचं होईल, म्हणून थोडं त्यांच्यासाठी. तापानंतर पानथरी किंचित वाढणं नेहमीचं आहे. मलेरिया, टायफॉइड, डेंग्यू, शेतात काम करणाऱ्यांना किड्याच्या चाव्यातून होणारा स्क्रब टायफस, या सगळ्यांत ती वाढते आणि योग्य उपचारानंतर काही आठवड्यांत उतरते. ज्यांच्या गोठ्यात गाई-म्हशी किंवा शेळ्या गाभडल्या आहेत, जे कच्चं दूध पितात आणि ज्यांना महिना-महिना ताप, घाम, सांधेदुखी आहे, त्यांनी डॉक्टरांना ब्रुसेलोसिसबद्दल स्वतःहून विचारावं. जनावरांचा विषय आपण काढल्याशिवाय दवाखान्यात निघतच नाही. त्याच्या गोळ्या सहा आठवडे घ्याव्या लागतात, आठवड्यात ताप गेला म्हणून सोडल्या की आजार उलटतो. टीबीही पोटात बसतो आणि दोन्ही अवयव वाढवतो.

पोराचं पोट पुढे आलंय, चेहरा पिवळट-पांढरा आहे, वाढ खुंटली आहे आणि पानथरी हाताला लागते, असं असेल तर नुसत्या लोहाच्या गोळ्यांवर वर्ष काढू नका. थॅलेसेमिया किंवा सिकलसेल आहे का हे हिमोग्लोबिनच्या एचपीएलसी तपासणीत कळतं, आणि ती तपासणी आई-वडिलांचीही करतात. एक लक्षात ठेवा, अगदी लहान मुलांचं लिव्हर बरगडीखाली एक-दोन सेंमी लागणं हे स्वाभाविक असतं. तेवढ्यावरून घाबरून जाऊ नका.

तरुण मुलगा किंवा मुलगी, दारूचा थेंब नाही, काविळीचा इतिहास नाही, लिव्हरचे रिपोर्ट जवळजवळ चांगले, पण पानथरी मोठी आणि रक्ताची उलटी, असंही चित्र भारतात दिसतं. तिथे लिव्हर बरं असून पोर्टल शीरच गुठळीने बंद झालेली असते किंवा तिच्या फांद्या आकसलेल्या असतात. डॉप्लर सोनोग्राफीत, म्हणजे शिरेतून रक्त कसं वाहतंय ते दाखवणाऱ्या सोनोग्राफीत, ते दिसतं.

आणि ज्यांच्या पांढऱ्या पेशी लाखाच्या घरात आल्यात, पानथरी बेंबीपर्यंत आली आहे, त्यांनी ब्लड कॅन्सर हा शब्द ऐकून उपचार सोडून घरी बसू नये. सीएमएल नावाच्या प्रकारावर २००१ मध्ये इमॅटिनिब नावाची गोळी आली आणि या रोगाचं सगळं भविष्य बदललं. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मूळ कंपनीचा पेटंटचा दावा फेटाळला, त्यामुळे देशी कंपन्यांची स्वस्त गोळी आपल्याकडे मिळत राहिली. रोज गोळी घेऊन शेती, नोकरी, संसार करणारी माणसं आज आपल्या भागात आहेत.

आता तुमच्या यजमानांच्या तपासण्या. रक्ताची पूर्ण तपासणी आणि काचपट्टीवर पेशींची पाहणी पुन्हा करायची. रक्त गोठायला लागणारा वेळ, म्हणजे पीटी-आयएनआर, पाहायचा. तो लिव्हरच्या ताकदीचा चांगला अंदाज देतो आणि तुमच्या यादीत तो नाही. हिपॅटायटिस बी आणि सी या काविळीच्या विषाणूंची तपासणी दारू पिणाऱ्याचीही करायचीच. दारू समोर दिसते म्हणून डॉक्टर आणि घरचे दोघंही तिथेच थांबतात आणि विषाणू मागे लपून राहतो. त्यानंतर डॉप्लर सोनोग्राफी, आणि सोय असेल तर फायब्रोस्कॅन, ज्यात पोटावर यंत्र टेकवून लिव्हर किती घट्ट झालंय ते मोजतात. सुई नाही, दुखत नाही. मग दुर्बिणीची तपासणी, एंडोस्कोपी. ती टाळण्याकडे सगळ्यांचा कल असतो, घशातून नळी जाणार म्हणून. काही मिनिटांचं काम आहे आणि यांच्या बाबतीत सगळ्यात महत्त्वाचं तेच आहे.

पैशाचं तुम्ही लिहिलं नाही, पण पत्रात ते दिसतंय. सार्वजनिक आरोग्य विभागाच्या ग्रामीण, उपजिल्हा आणि जिल्हा रुग्णालयांत ऑगस्ट २०२३ पासून तपासणी आणि उपचार मोफत आहेत. रक्ताच्या तपासण्यांची सुरुवात बीडच्या जिल्हा रुग्णालयात करा. पुढे अंबाजोगाईचं स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालय किंवा छत्रपती संभाजीनगरचं घाटी रुग्णालय. एंडोस्कोपी कुठे आणि कोणत्या वारी होते हे निघण्याआधी विचारून घ्या, म्हणजे एसटीचा खेटा वाया जाणार नाही. भरती व्हायची वेळ आली तर महात्मा जोतीराव फुले जन आरोग्य योजनेत कुटुंबाला वर्षाला ५ लाखांपर्यंतचे उपचार मिळतात. रेशनकार्ड आणि आधार सोबत ठेवा आणि योजनेतल्या कोणत्याही रुग्णालयात गेल्या गेल्या आरोग्यमित्राला गाठा. हिपॅटायटिस बी किंवा सी निघाला तर राष्ट्रीय कार्यक्रमातून औषधं मोफत मिळतात. हा कार्यक्रम २०१८ पासून सुरू आहे. हिपॅटायटिस सी तर बहुतेकांत १२ आठवड्यांच्या गोळ्यांनी पूर्ण बरा होतो, सिऱ्हॉसिस असेल तर कधी २४ आठवडे घ्याव्या लागतात. बी मुळासकट जात नाही, पण रोजच्या एका गोळीने दबून राहतो आणि लिव्हरची पडझड थांबते.

उपचारात पहिली गोष्ट दारू बंद. कमी नाही, बंद. हे मी उपदेश म्हणून सांगत नाही. या आजारात दारू सोडण्याइतका परिणाम करणारं दुसरं औषध नाही. लिव्हरमध्ये साठलेली चरबी दारू सोडल्यावर काही आठवड्यांत उतरायला लागते. सिऱ्हॉसिस झालेला असला तरी सोडणाऱ्यांचा पोर्टल दाब कमी होतो, पोटातलं पाणी आटोक्यात येतं, आयुष्य वाढतं.

पण ताई, एक इशारा नीट वाचा. बारा-तेरा वर्षं पिणाऱ्या माणसाची दारू घरात कोंडून एका दिवसात तोडू नका. सोडल्यावर सहा-सात तासांपासून हात थरथरणं, घाम, घालमेल सुरू होते. पहिल्या दोन दिवसांत झटके येऊ शकतात. दुसऱ्या ते चौथ्या दिवसात काहीजण भ्रमात जातात, नसलेलं दिसतं, नसलेलं ऐकू येतं. आपल्या गावांत त्याला बाहेरची बाधा समजून अंगारा लावतात आणि माणूस दगावतो. म्हणून दारू डॉक्टरांच्या देखरेखीत सोडायची. जिल्हा रुग्णालयाच्या मानसोपचार विभागात यासाठी भरती करून घेतात, सुरुवातीचे दिवस औषधं आणि बी-१ जीवनसत्त्वाची इंजेक्शनं देतात. झोपेच्या गोळ्या मेडिकलमधून स्वतः आणून देऊ नका, खराब लिव्हरमध्ये त्या माणसाला गुंगीत नेतात. फोनवर बोलायचं असेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा १४४१६ हा क्रमांक मोफत आहे, मराठीत बोलतात, आणि तुम्ही स्वतःसाठीही तो लावू शकता.

दुर्बिणीत फुगलेल्या शिरा दिसल्या तर दोन उपाय आहेत. दाब कमी करणाऱ्या प्रोप्रॅनोलॉल किंवा कार्व्हेडिलॉलसारख्या गोळ्या, किंवा दुर्बिणीतूनच त्या शिरांना बारीक रबरी कडी बसवणं, ज्याला बँडिंग म्हणतात. बँडिंग काही आठवड्यांच्या अंतराने दोन-तीनदा करावं लागतं. चिरफाड नसते. शीर फुटण्याआधी हे झालं तर तो तांब्याभर रक्ताचा प्रसंग बहुतेक वेळा टळतो.

अंगदुखीच्या गोळ्यांबद्दल मला ऊसतोडीच्या सगळ्याच कुटुंबांना सांगायचंय. फडात दिवसभर वाकून तोडल्यावर कंबर धरते आणि किराणा दुकानातूनही गोळ्या मिळतात, डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेन वगैरे. लिव्हर कठीण झालेल्या माणसाला या गोळ्या रक्तस्राव घडवतात आणि किडनीचं काम बंद पाडतात. यांना त्या कायमच्या बंद. दुखलंच तर पॅरासिटामॉल, तेही डॉक्टरांनी सांगितलेल्या कमी मात्रेत.

जेवणाचं उलटंच होतं आपल्याकडे. काविळीचं पथ्य म्हणून हळद बंद, तेल बंद, डाळ बंद, आणि माणूस उकडलेल्या भातावर आणि उसाच्या रसावर. यांचं अल्ब्युमिन आधीच कमी आहे, दंडाचं मांस उतरलेलं असेल. त्यांना प्रथिनं जास्त हवीत. भाकरी, दाट वरण, मटकी, अंडी, दूध, दही, शेंगदाणे, सगळं द्या. दिवसातून चार-पाच वेळा थोडं थोडं, आणि रात्री झोपताना काहीतरी पोटात गेलंच पाहिजे, कारण अशा लिव्हरला रात्रभराचा उपवास सोसत नाही. एकादशी, सोमवार सध्या सोडायला सांगा. पायावर सूज किंवा पोटात पाणी असेल तर मीठ कमी, म्हणजे लोणचं, पापड, खारवलेले शेंगदाणे आणि जास्त मिठाचा ठेचा बंद. तिखटाने लिव्हर बिघडत नाही.

पानथरी काढण्याचं तुम्ही पिशवीशी जोडून विचारलंत, आणि ते वाचून मी थोडा वेळ थांबलो. बीड जिल्ह्यात ऊसतोडीच्या बायांच्या पिशव्या किती घाईने काढल्या गेल्या, त्यावर २०१९ मध्ये राज्यभर गदारोळ होऊन चौकशी समिती नेमावी लागली. दुखणाऱ्या अवयवाला काढून टाकणं हा उपाय आहे असं आपल्या भागाच्या मनात तेव्हापासूनच नव्हे, त्याच्याही आधीपासून बसवलं गेलंय. पानथरीचा इथे काही दोष नाही. दाब लिव्हरमुळे वाढलाय, पानथरी फक्त फुगली आहे. ती काढली तरी लिव्हर तसंच राहील, वर पोर्टल शिरेत गुठळी होण्याचा धोका आणि ऑपरेशनमधल्या रक्तस्रावाचा धोका. सिऱ्हॉसिसमध्ये म्हणून सहसा ती काढत नाहीत. पानथरी काही ठरावीक जंतूंशी लढते. ती गेलेल्या माणसाला साधा वाटणारा ताप काही तासांत जिवावर बेतू शकतो, म्हणून ऑपरेशनच्या निदान दोन आठवडे आधी न्यूमोकोकससारख्या जंतूंच्या लशी घ्याव्या लागतात. काही रक्तविकारांत, किंवा पानथरी फुटल्यावर ती काढणं गरजेचंच असतं. तुमच्या घरात कुणी ‘काढून टाकू’ म्हटलं तर दुसऱ्या तज्ज्ञाला दाखवल्याशिवाय सही करू नका.

सासूबाईंना मी दोष देत नाही. पूर्वी मलेरियाने पानथरी वाढायची आणि ताप आपसूक गेला की कधी कधी उतरायची. त्याच सुमारास डाग दिलेला असला तर श्रेय डागाला मिळायचं. त्यांना एवढंच सांगा की यांच्या प्लेटलेट ७८ हजार आहेत, जखम चिघळली तर भरायला वेळ लागेल आणि जंतू आत शिरले तर लिव्हर झेपवू शकणार नाही. बाबांच्या औषधाचंही तसंच. साधी कावीळ, हिपॅटायटिस ए किंवा ई, बहुतेकांत आपोआप बरी होते, म्हणून अशा औषधांचं नाव होतं. यांची ती कावीळ नाही. त्या पुडीत काय आहे हे कुणाला माहीत नसतं. गुळवेलीसारख्या घरगुती वाटणाऱ्या काढ्यांनंतरही लिव्हरला सूज आलेले रुग्ण मुंबईच्या डॉक्टरांनी २०२१ मध्ये नोंदवले आहेत. धातूच्या भस्मांचं तर विचारूच नका.

रक्ताची उलटी, काळी शौच, दिवसा झोप आणि रात्री जाग, बोलण्यात गोंधळ, पोट एकाएकी फुगणं, पोटदुखीसह ताप, यातलं काहीही दिसलं तर सकाळची वाट न पाहता १०८ ला फोन करा. डाव्या बरगडीखाली मार लागून तिथे किंवा डाव्या खांद्यात दुखू लागलं, घेरी आली, तर पानथरी फुटल्याची शंका धरायची आणि तसंच पळायचं.

आणि म्हणून कारखाना नको. डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून ट्रकमध्ये चढायचं, पाय घसरला की बरगडीवर पडायचं. वाढलेली पानथरी बरगडीच्या आडून बाहेर आलेली असते, तिला तेवढा मार पुरतो. कोपी, म्हणजे टोळीची झोपडी, जिथे पडते तिथून रात्री दवाखाना किती लांब असतो हे मला तुम्हाला सांगायला नको. थंडी, थकवा आणि सगळ्या टोळीत संध्याकाळी फिरणारी बाटली, यात दारू सोडायची कशी? बँडिंगच्या तारखा दर काही आठवड्यांनी येतील, त्या सीझनमध्येच येतील.

उचलीचं ओझं खरं आहे, ते मी हलकं मानत नाही. तपासण्या दसऱ्याच्या आत करा. डॉक्टरांकडून शिक्क्यानिशी दाखला मागा, त्यात ‘जड काम व वजन उचलणं वर्ज्य’ असं स्पष्ट लिहून घ्या आणि गावातली दोन जाणती माणसं सोबत घेऊन मुकादमाला दाखवा. उचल पुढच्या सीझनला वळती करणं किंवा घरातल्या दुसऱ्या जोडीने काही भाग फेडणं, असे मार्ग याआधी अनेक गावांत निघालेत. तुम्ही एकटीने अर्धा कोयता म्हणून जायचं कबूल करू नका. भरती असताना त्यांच्याजवळ माणूस लागेल. ग्रामसेवकाकडून ऊसतोड कामगाराचं ओळखपत्र काढलं नसेल तर तेही काढून घ्या, कामगार कल्याण महामंडळाच्या योजनांसाठी ते लागतं.

यजमानांचा हिपॅटायटिस बीचा रिपोर्ट पॉझिटिव्ह आला तर तुमची आणि मुलांची तपासणी त्याच आठवड्यात करा. तो रक्तातून आणि शरीरसंबंधातून पसरतो, एकत्र जेवल्याने किंवा एकाच पेल्यातून पाणी प्यायल्याने नाही. त्यांचं ताट वेगळं करू नका, दाढीचं पातं आणि दात घासायचा ब्रश मात्र वेगळा ठेवा. तुम्ही निगेटिव्ह असाल तर लशीचे तीन डोस घ्यायचे : आज एक, महिन्याने दुसरा, सहा महिन्यांनी तिसरा. मुलांना बाळपणी ही लस मिळाली असेल. अंगणवाडीच्या कार्डावर पाहा, कार्ड हरवलं असेल तर आशाताईंच्या वहीत नोंद सापडते.